पंचलाइन नसलेल्या विनोदाची कुळकथा

बोलर हॅट, काळा सूट, हातात ब्रीफकेस. जॉन क्लीज पाय छातीपर्यंत उडवत लंडनच्या रस्त्याने सरकारी कचेरीत जातो. खातं ‘वेडगळ चालींचं’. समोर मायकेल पेलिन आपल्या चालीसाठी अनुदान मागायला आलेला. त्याची चाल पाहून साहेबाचा शेरा: तेवढी काही वेडगळ नाही. मग साहेब बजेटचं रडगाणं लावतात. बाई कॉफी घेऊन येतात, तीही असल्याच चालीने, त्यामुळे टेबलापर्यंत पोचतात ते रिकामे कप.

हे स्किट १९७० मधलं. ते ज्या विनोदी टीव्ही मालिकेतलं, ती ‘मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस’ बीबीसीवर सुरू झाली ५ ऑक्टोबर १९६९ ला. १९७४ पर्यंत ४५ भाग झाले. लिहिणारे आणि पडद्यावर काम करणारे तेच. क्लीज, ग्रॅहम चॅपमन, एरिक आयडल केंब्रिजचे. पेलिन आणि टेरी जोन्स ऑक्सफर्डचे. अ‍ॅनिमेशन करणारा टेरी गिलियम तेवढा अमेरिकन. क्लीज कायदा शिकलेला, चॅपमन डॉक्टर. म्हणजे ज्या साहेबी थाटाची ते टर उडवत होते, त्याच थाटात सहज खपून गेले असते अशी ही मंडळी. त्यांचा नेम अचूक बसतो तो म्हणूनच, असं मला वाटतं.

साहेबांची खिल्ली याआधीही उडत होतीच. १९६० च्या ‘बियाँड द फ्रिंज’ या रंगमंचावरच्या विनोदी कार्यक्रमात पीटर कुकने तर पंतप्रधान मॅकमिलनचीच नक्कल केली. पण तर्काला फाटा देणारा वेडेपणा आला रेडिओवरून, १९५१ ते १९६० चाललेल्या ‘गून शो’तून. पायथनवाले तो ऐकतच मोठे झाले. त्याचा मुख्य लेखक स्पाइक मिलिगन जन्मला १९१८ साली आपल्या अहमदनगरला! वडील ब्रिटिश फौजेत, त्यामुळे बालपण पुण्यातही गेलं. ‘गून शो’तला भित्रा, लबाड मेजर ब्लडनॉक हिंदुस्थानी फौजेतूनच आलेला दाखवलाय. असले मेजर मिलिगनने लहानपणी कॅम्पात जवळून पाहिले असणार.

मार्च १९६९ मध्ये याच मिलिगनचं ‘क्यू५’ टीव्हीवर आलं. स्किट ऐन रंगात येतं आणि पंचलाइन न देताच सोडून दिलं जातं. जोन्स हबकलाच, आपल्याला करायचं होतं ते याने आधीच करून टाकलं! मग पायथनवाल्यांनी ‘क्यू५’चा दिग्दर्शक इयन मॅकनॉटनच आपल्याकडे घेतला. शेवट नसलेल्या स्किटांमधले सांधे गिलियमची कात्रणचित्रं जोडायची. तेही नसेल तर चॅपमनचा कर्नल गणवेशात यायचा आणि ‘फार वेडगळपणा चाललाय’ म्हणत स्किट बंद पाडायचा.