अवसीम उद्दीपन

डोळ्यांवर किंवा कानांवर पडूनही ‘दिसले’, ‘ऐकू आले’ असे माणसाला सांगता येत नाही, इतके क्षीण, क्षणिक किंवा झाकलेले उद्दीपक त्याच्या प्रतिसादात मोजता येण्याजोगा फरक पाडतात, तेव्हा त्या प्रकाराला मानसशास्त्रात अवसीम उद्दीपन म्हणतात. बोलण्यात ‘सब्लिमिनल’ हाच शब्द चालतो, आणि ‘झोपताना ऐका, आत्मविश्वास वाढवा’ छापाच्या यूट्यूबवरील ध्वनिफितींवरही तोच चिकटवलेला असतो. प्रयोगशाळेत हा परिणाम खरा ठरला आहे. मात्र तो लहान, अल्पजीवी आणि अटींनी बांधलेला आहे. लोकांच्या मनातली त्याची भीती आणि त्याच्याकडून असलेली आशा या दोन्हींचे मूळ १९५७ सालच्या एका दाव्यात सापडते. त्या दाव्याचा पुरावा आजवर कोणी पाहिलेला नाही.

सीमा कशी ठरवतात : जाणिवेची सीमा ही काही आखून दिलेली रेघ नव्हे. तोच मंद आवाज त्याच माणसाला एकदा ऐकू येतो, पुढच्या खेपेला येत नाही. त्यामुळे जर्मन शास्त्रज्ञ गुस्टाफ फेख्नर याने १८६० मध्ये मनोभौतिकीचा, म्हणजे उद्दीपक आणि त्याची जाणीव यांचे नाते मोजणाऱ्या शास्त्राचा, पाया घातला तेव्हापासून सीमा संख्याशास्त्रानेच ठरवली जाते : साधारणपणे निम्म्या वेळा ओळखला जाणारा उद्दीपक सीमेवरचा मानतात. कॅनडातील जिम चीझमन आणि फिलिप मेरिकल यांनी १९८४ मध्ये यात आणखी एक भेद केला. ‘मला काहीच दिसले नाही’ असे माणूस ज्या पातळीवर म्हणू लागतो ती व्यक्तिनिष्ठ सीमा. आणि ‘होता की नव्हता, अंदाजाने सांगा’ असा आग्रह धरूनही त्याची उत्तरे नाणेफेकीपेक्षा सरस ठरत नाहीत ती वस्तुनिष्ठ सीमा. दुसरी पहिलीच्या बरीच खाली असते. अवसीम परिणामांचे जे पुरावे भरीव आहेत त्यांतले बरेचसे या दोन सीमांच्या मधल्या पट्ट्यातले आहेत, आणि या क्षेत्रातल्या निम्म्या वादांचे मूळही तिथेच आहे.

आरंभीचे प्रयोग : अमेरिकेत चार्ल्स सँडर्स पर्स आणि जोसेफ जॅस्ट्रो यांनी १८८४ च्या सुमारास एकमेकांवरच प्रयोग केले. वजनांत अगदी किंचित फरक करायचा, कोणते जड ते सांगायचे आणि उत्तराची स्वतःला किती खात्री वाटते तेही शून्यापासून आकड्यात नोंदवायचे. खात्री शून्य, म्हणजे निव्वळ ठोकून दिलेले उत्तर, असतानाही पाचांपैकी सुमारे तीन उत्तरे बरोबर निघाली. बायकांना येणारी ‘आतली चाहूल’ आणि दूरसंवेदनाचे (टेलिपथीचे) काही किस्से यांचा उलगडा अशाने होईल, असेही त्यांनी लिहून ठेवले. त्या काळच्या पुरुष शास्त्रज्ञांना शोभेल असाच हा तर्क. पुढे १८९८ मध्ये बोरिस सिडिस याने अक्षरे आणि आकडे लिहिलेली कार्डे इतक्या लांबून दाखवली, की बघणाऱ्याला पुसट ठिपक्यापलीकडे काही दिसू नये. त्यांचेही अंदाज योगायोगापेक्षा जास्त वेळा बरोबर आले.

पॉपकॉर्नची गोष्ट : १२ सप्टेंबर १९५७ रोजी न्यूयॉर्कमध्ये जेम्स व्हिकरी या बाजार-संशोधकाने पत्रकार परिषद बोलावली. न्यू जर्सीतील फोर्ट ली येथील एका चित्रपटगृहात सहा आठवडे चित्रपट चालू असताना आपण दर पाच सेकंदांनी पडद्यावर ‘पॉपकॉर्न खा’ आणि ‘कोका-कोला प्या’ अशा आज्ञा झळकावल्या, प्रत्येक झळक सेकंदाच्या तीन-हजाराव्या भागाइतकी होती, असे त्याने सांगितले. प्रेक्षकांची संख्या ४५,६९९. कोका-कोलाचा खप सुमारे १८ टक्क्यांनी आणि पॉपकॉर्नचा ५७ टक्क्यांहून अधिक वाढला, असा दावा. प्रेक्षक नेमके ४५,६९९ असल्यामुळे ऐकणाऱ्याला सगळे मोजूनमापून केल्यासारखे वाटते. तुलनेसाठी आज्ञा न दाखवलेले खेळ किती होते, त्या दिवसांत हवा कशी होती, कोणता चित्रपट लागला होता, या खपावर परिणाम करणाऱ्या गोष्टींचा तपशील मात्र त्याने कधीच प्रसिद्ध केला नाही.

शीतयुद्धाचा काळ होता. चीन आणि कोरियातील ‘ब्रेनवॉशिंग’च्या बातम्या ताज्या होत्या, जाहिरातदार छुप्या इच्छांना हात घालतात अशी चर्चा अमेरिकेत त्याच वर्षी रंगली होती. या वातावरणात व्हिकरीचा दावा वणव्यासारखा पसरला. जानेवारी १९५८ मध्ये वॉशिंग्टनमध्ये सरकारी अधिकारी आणि लोकप्रतिनिधींपुढे त्याने प्रात्यक्षिक केले. पॉपकॉर्न खाण्याची इच्छा काही कोणाला आवरेनाशी झाली नाही. त्याच वर्षी कॅनडाच्या सरकारी दूरचित्रवाणीने रविवारच्या अर्ध्या तासाच्या कार्यक्रमात ‘आत्ता फोन करा’ हा संदेश ३५२ वेळा झळकावला. फोन वाढले नाहीत. काय संदेश होता ते ओळखा, असे नंतर विचारले तेव्हा जवळपास पाचशे पत्रे आली, पण बरोबर उत्तर एकातही नव्हते. भूक लागली, तहान लागली असे मात्र पुष्कळांनी कळवले, कारण पॉपकॉर्न-कोकची बातमी तोवर सगळ्यांनी वाचलेली होती. अखेर १९६२ मध्ये ‘ॲडव्हर्टायझिंग एज’ या व्यवसायपत्राला दिलेल्या मुलाखतीत व्हिकरीने कबूल केले, की त्याच्याजवळची माहिती काही सिद्ध करण्याइतकी नव्हतीच. सगळा प्रकार ही एक क्लृप्ती होती. ती कबुली फारशी कोणी वाचली नाही. व्यवस्थापनाच्या वर्गांत आणि व्यक्तिमत्त्व-विकासाच्या शिबिरांत पॉपकॉर्नचा प्रयोग आजही ‘सिद्ध झालेला’ म्हणून सांगितला जातो.

झाकण्याचे तंत्र : व्हिकरीच्या दाव्यात एक भौतिक अडचणही आहे. नुसते क्षणिक असणे अदृश्य होण्यास पुरत नाही. कॅमेऱ्याचा फ्लॅश सेकंदाच्या हजाराव्या भागापुरता किंवा त्याहूनही कमी वेळ पेटतो, आणि तो सगळ्यांना दिसतो. अगदी अल्प अवधीच्या प्रकाशात डोळा वेळ आणि तीव्रता यांचा गुणाकार मोजतो. प्रकाश प्रखर असेल तर क्षण कितीही छोटा असो, दिसणारच. तो मंद केला तर कदाचित काहीच पोहोचणार नाही. म्हणून प्रयोगशाळेत उद्दीपक झाकावा लागतो. शब्द ३०-४० मिलिसेकंद दाखवून त्याच जागी लगेच वेड्यावाकड्या अक्षरांची ओळ आणतात. मागून आलेली ती ओळ आधीच्या शब्दाची मेंदूतली प्रक्रिया अर्ध्यात तोडते आणि बघणाऱ्याला फक्त अक्षरांचा गोंधळ दिसतो. संगणकाचा साधा पडदा सेकंदाला ६० वेळा नवे चित्र काढतो, तेव्हा एक चित्र सुमारे १७ मिलिसेकंदांचे, दोन ३३ चे; प्रयोगांतले पुष्कळ आकडे या पटीत येतात ते त्यामुळे. एका डोळ्यासमोर सतत बदलणारे रंगीबेरंगी चौकोन आणि दुसऱ्यासमोर स्थिर चित्र ठेवण्याची नाओत्सुगु त्सुचिया आणि क्रिस्टोफ कॉख यांची २००५ ची पद्धत याहून दमदार आहे : चित्र कित्येक सेकंद समोर असूनही जाणिवेत येत नाही.

काय परिणाम होतो : सर्वांत भक्कम पुरावा प्रतिसादाच्या वेगाचा आहे. स्तानिस्लास दहान आणि सहकाऱ्यांनी १९९८ मध्ये फ्रान्समध्ये केलेल्या प्रयोगात समोरचा आकडा पाचापेक्षा मोठा की लहान ते बटण दाबून सांगायचे होते. त्याआधी ४३ मिलिसेकंद झाकलेला दुसरा आकडा येई. दोन्ही आकडे पाचाच्या एकाच बाजूचे असले तर बोट थोडे लवकर हले, विरुद्ध बाजूचे असले तर थोडे उशिरा. मेंदूच्या लहरींच्या नोंदीत असेही दिसले, की न दिसलेल्या आकड्याने हाताची हालचाल घडवणाऱ्या भागात तयारी सुरू केली होती. म्हणजे सूचना डोळ्यांपाशी थांबत नाही, पार हातापर्यंत जाते.

ती किती समजून घेऊन जाते, हा पुढचा प्रश्न. रिचर्ड एब्रम्स आणि अँथनी ग्रीनवाल्ड यांनी २००० मध्ये याची गमतीशीर परीक्षा घेतली. सहभागींना इंग्रजी शब्द चांगले-वाईट असे वेगळे करायला दिले. ‘स्मट’ (अश्लील मजकूर) आणि ‘बाइल’ (पित्त) हे दोन वाईट शब्द त्यांच्या सरावात आले. मग झाकून ‘स्माइल’ दाखवला. अर्थाने तो हसरा, चांगला. पण त्याने ‘वाईट’ उत्तराकडे ढकलले. त्याची अक्षरे त्या दोन वाईट शब्दांच्या तुकड्यांनीच बनलेली होती आणि अबोध वाचनाला अख्खा शब्द कवेत घेणे जमले नव्हते. एकट्या शब्दाचे हे हाल, तर ‘पॉपकॉर्न खा’ या दोन शब्दी वाक्यातून कर्म आणि क्रियापद वेगळे काढून कोणी त्याबरहुकूम वागेल, ही अपेक्षाच फार झाली. त्याच ग्रीनवाल्डच्या आधीच्या प्रयोगांत हा रेटा सुमारे दशांश सेकंदात विरून जाताना दिसला होता.

आवडीनिवडीचे चित्र थोडे निराळे आहे. विल्यम कुन्स्ट-विल्सन आणि रॉबर्ट झायन्स यांनी १९८० मध्ये वेडेवाकडे अष्टकोन केवळ एकेक मिलिसेकंद दाखवले. नंतर जुना आणि नवा अष्टकोन शेजारी ठेवून ‘आधी कोणता पाहिला?’ असे विचारले तर बरोबर उत्तरे ४८ टक्के, म्हणजे शुद्ध अंदाज. ‘कोणता आवडतो?’ या प्रश्नावर मात्र ६० टक्के वेळा जुन्याकडे बोट गेले. नेदरलँड्समध्ये योहान कारेमान्स आणि सहकाऱ्यांनी २००६ मध्ये आणखी एक पाऊल टाकून एका थंड चहाच्या ब्रँडचे नाव झाकून दाखवले. सहभागींना आधी खारट गोळी चघळायला देऊन तिच्यावरचे अक्षर जिभेने ओळखायला सांगितले होते, तहान लागावी म्हणून. तहानलेल्यांचा कल त्या पेयाकडे वाढला. तहान नसलेल्यांवर काही झाले नाही. त्याच गटाच्या पुढच्या कामात असे दिसले, की जे ते पेय एरवीही सर्रास पितात त्यांच्यावरही परिणाम होत नाही. नसलेली इच्छा यातून उत्पन्न झाली नाही. असलेली तहान एका बाटलीकडून दुसरीकडे वळली, तीही लगेच निवड करायची होती म्हणून.

ध्वनिफिती : समुद्राच्या लाटांखाली किंवा संगीताखाली दडवलेल्या ‘सकारात्मक वाक्यां’चा धंदा अमेरिकेत १९८० च्या दशकात फोफावला. ग्रीनवाल्ड आणि सहकाऱ्यांनी १९९१ मध्ये त्याची दुहेरी अंध चाचणी केली, म्हणजे कोणाला कोणती फीत मिळाली ते ना ऐकणाऱ्याला ठाऊक, ना तपासणाऱ्याला. स्मरणशक्ती वाढवणाऱ्या आणि आत्मसन्मान वाढवणाऱ्या बाजारातल्याच फिती घेऊन निम्म्यांवरची लेबले बदलली आणि त्या महिनाभर ऐकायला दिल्या. फितीतल्या मजकुराचा कोणताही परिणाम आढळला नाही. लेबलाचा झाला : ज्यावर ‘स्मरणशक्ती’ लिहिले होते त्यांना स्मरणशक्ती, ‘आत्मसन्मान’ लिहिले होते त्यांना आत्मसन्मान सुधारल्याचे वाटले. असे वाटणारे एक-तृतीयांशाहून अधिक होते, आणि आत कोणती फीत होती याच्याशी त्याचा संबंध नव्हता. उलट्या वाजवलेल्या गाण्यांतल्या छुप्या संदेशांची गतही तीच. कॅनडातील जॉन व्होकी आणि डॉन रीड यांनी १९८५ मध्ये दाखवले, की उलट्या बोलण्यातून बोलणारा पुरुष की स्त्री हे लोकांना कळते, अर्थ कळत नाही.

आक्षेप : सहभागीला उद्दीपक खरोखरच दिसला नव्हता, हे कशावरून? १९८६ मध्ये डॅनियल होलेंडर याने तोवरचे बहुतेक प्रयोग या एका प्रश्नावर झोडपले. २०१६ मध्ये मिगेल वादिल्यो, एमानुइल कॉन्स्टान्टिनिडिस आणि डेव्हिड शँक्स यांनी अबोध शिकण्याच्या प्रयोगांबाबत तेच दुखणे आकडेवारीने मांडले : जाणीव तपासणाऱ्या चाचण्या इतक्या तोकड्या असतात, की थोडेसे दिसत असले तरी निकाल ‘दिसले नाही’ असाच लागतो. सामाजिक मानसशास्त्रातले जुने गाजलेले निष्कर्ष पुन्हा करून पाहताना एकामागून एक डळमळले, त्यानंतर छोट्या गटांवरच्या ब्रँड-प्रयोगांकडेही सावधपणेच पाहिले जाते. आकड्यांच्या आणि शब्दांच्या वेगाचे परिणाम मात्र अनेक प्रयोगशाळांत पुन्हा पुन्हा मिळाले आहेत.

लगतच्या गोष्टी : दिसते पण लक्षात येत नाही, त्याला अवसीम म्हणत नाहीत. इंग्लंडमधल्या एका सुपरमार्केटात फ्रेंच संगीत लावले त्या दिवशी फ्रेंच वाइन जास्त गेली आणि जर्मन लावले तेव्हा जर्मन, असे १९९७ मध्ये एड्रियन नॉर्थ आणि सहकाऱ्यांनी नोंदवले. विचारल्यावर बहुतेक गिऱ्हाइकांनी संगीताचा संबंध नाकारला. ते संगीत सगळ्यांच्या कानांवर नीट पडत होते. दुकानातला सुगंध, मालिकेत नायिकेच्या हातातला बिस्किटपुडा, मोबाइलवर मुद्दाम ठळक केलेले ‘स्वीकारा’ बटण हे सारे याच जातीचे, आणि लपवलेल्या अक्षरांपेक्षा त्यांचा प्रभाव मोठा. मेंदूतल्या दृष्टिक्षेत्राला इजा झाल्यावर आंधळ्या भागातल्या प्रकाशाकडे अचूक बोट दाखवणाऱ्या रुग्णांची स्थितीही वेगळी धरतात. लॉरेन्स वाइसक्रान्ट्स यांनी १९७० च्या दशकात तिचा अभ्यास केला. तेथे उद्दीपक ठसठशीत असतो, उणीव मेंदूत असते.

कायदा : परिणाम सिद्ध होण्याची वाट कायद्याने पाहिली नाही. मुलांच्या एका खेळाच्या जाहिरातीत ‘घ्या’ अशी झळक घातल्याचे उघड झाल्यावर अमेरिकेच्या संप्रेषण आयोगाने जानेवारी १९७४ मध्ये असे संदेश लोकहिताविरुद्ध असल्याचे जाहीर केले. तरीही २००० च्या अध्यक्षीय निवडणुकीत रिपब्लिकन पक्षाच्या एका जाहिरातीत ‘ब्युरोक्रॅट्स’ या शब्दाची शेवटची अक्षरे, ‘रॅट्स’, सेकंदाच्या तिसाव्या भागापुरती पडद्यावर मोठी दिसली; हेतू नव्हता असा खुलासा झाला. युरोपीय संघाने दूरचित्रवाणीवर अशा तंत्रांना आधीपासूनच मनाई केली होती. २०२४ च्या कृत्रिम बुद्धिमत्ता कायद्यात, जाणिवेपलीकडची तंत्रे वापरून माणसाचे वर्तन हानिकारकरीत्या बदलणाऱ्या प्रणालींवर त्याने बंदी घातली. ही कलमे २ फेब्रुवारी २०२५ पासून लागू आहेत. सीमा मिलिसेकंदांत मोजायची की समजुतीत, हे त्या कायद्याने सांगितलेले नाही.