स्वतंत्र ब्लूज-फोक गायक-गीतकार (मुंबई)

स्वतःचं गाणं स्वतः लिहिणारा, चालही स्वतःच लावणारा, बहुतेक वेळा एक अकूस्टिक गिटार घेऊन एकटाच गाणारा आणि कुठल्याही म्युझिक कंपनीच्या करारात नसलेला कलाकार म्हणजे स्वतंत्र गायक-गीतकार. मुंबईत अशांना सरसकट इंडी आर्टिस्ट म्हणतात, त्यात मग रॅपवालेही आले आणि मेटलवालेही, पण ही नोंद त्यातल्या एका छोट्या गटाबद्दल आहे, ज्यांचं गाणं ब्लूज आणि फोक या दोन मुळांवर उभं आहे. सिनेमात लिहिणारा वेगळा, चाल बांधणारा वेगळा, गाणारा वेगळा आणि रेकॉर्डिंग शेवटी कंपनीचं. इथे तिन्ही कामं एकच माणूस करतो आणि गाणं त्याच्या नावावर राहतं. नावावर राहणं हा यातला खरा मुद्दा, त्याबद्दल शेवटी.

ब्लूज जन्माला आलं अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत, एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी, गुलामगिरी कागदावर संपलेली पण कापसाच्या शेतातलं राबणं तसंच चालू असलेल्या काळ्या लोकांमध्ये. शेतात काम करताना एकाने हाळी द्यायची आणि बाकीच्यांनी उचलायची, चर्चमधली गाणी, तुरुंगातल्या खडी फोडणाऱ्या टोळ्यांची गाणी, हे सगळं त्यात मिसळलं. साचा अगदी साधा आहे. १२ बार, प्रत्येकी ४ मात्रा, म्हणजे ४८ मात्रांचं आवर्तन, आणि सा, म, प यांच्यावर उभ्या तीन कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या स्वरांचे गट. पहिली ओळ म्हणायची, तीच परत म्हणायची, मग तिसऱ्या ओळीत उत्तर द्यायचं, आणि दोन ओळींच्या मध्ये जी जागा राहते तिथे गिटार बोलते. स्वरांचं म्हणाल तर मायनर पेंटाटॉनिक ही पाच स्वरांची सरगम, म्हणजे आपल्या धानी रागाचेच स्वर, सा कोमल ग म प कोमल नी. फक्त गंधार तिथे कोमल आणि शुद्धच्या मध्ये कुठेतरी लटकतो, त्याला ते ब्लू नोट म्हणतात. ज्याने लहानपणी क्लासला जाऊन थोडं हिंदुस्तानी संगीत शिकलंय त्याला हा गंधार कानाला लगेच ओळखीचा वाटतो, पेटीवर मात्र तो सापडत नाही, म्हणून गिटारवर तार ओढून किंवा बोटात काचेची नळी घालून घसरत तिथे पोचावं लागतं. रॉबर्ट जॉन्सनने १९३६ आणि १९३७ या दोन वर्षांत मिळून फक्त २९ गाणी रेकॉर्ड केली आणि १९३८ ला सत्ताविसाव्या वर्षी तो गेला, पण आजही ब्लूज गिटार शिकणारं प्रत्येक पोर त्याच्यापाशी येऊन थांबतं.

मडी वॉटर्स हा ब्लूज गायक १९४३ मध्ये मिसिसिपीतलं शेत सोडून शिकागोला आला, दिवसा कामाला जायचा आणि रात्री वाजवायचा, गोंगाटात ऐकू येत नाही म्हणून इलेक्ट्रिक गिटार घेतली आणि शहरी ब्लूज तिथून पुढे घडलं. हे वाचताना मुंबईच्या माणसाला गिरणगाव आठवल्याशिवाय राहत नाही. कोकणातून, घाटावरून माणसं लालबाग-परळला आली, चाळीतल्या एका खोलीत पाळीपाळीने झोपली, बायको गावाला राहिली, आणि त्यांच्याबरोबर भजन, पोवाडा, लावणी, शक्ती-तुरा सगळं आलं. अण्णाभाऊ साठे वाटेगावहून मुंबईला आले. त्यांनी अमर शेख आणि गवाणकरांबरोबर १९४४ मध्ये लाल बावटा कलापथक उभं केलं. गावाला राहिलेल्या मैनेवरची त्यांची छक्कड सगळ्यांना माहीत आहे. वरवर ती विरहाची, पण तिच्यात मुंबईची बकाली आहे, पोट आहे आणि संयुक्त महाराष्ट्राची मागणीही आहे. माणसाचं दुःख आणि त्याच्या काळाचं दुःख एकाच श्वासात, हेच तर ब्लूज करतं. पोवाड्यात शाहीर ओळ टाकतो आणि झीलकरी जी जी करून उचलतात, तेच काम ब्लूजमध्ये गिटार करते. जात्यावरच्या ओव्या तर थेट कामाची गाणी. हेमा राइरकर आणि गी पॉइटवँ यांनी गावोगाव फिरून त्या गोळा केल्या, एक लाखाहून जास्त भरल्या. यातलं कुणी कुणाकडून घेतलेलं नाही, राबणाऱ्या माणसाला दम टिकवायला जे लागतं ते दोन्हीकडे आपापलं तयार झालं. पण मुंबईत जो मुलगा किंवा मुलगी ब्लूज गायला बसते तिला हे घरात पडलेलं सोनं माहीत असायला पाहिजे असं माझं ठाम मत आहे.

आणि स्वतंत्र गायक-गीतकार म्हणाल तर वामनदादा कर्डक यांच्यापेक्षा मोठं उदाहरण शोधून सापडणार नाही. जन्म १९२२, सिन्नर तालुक्यातलं देशवंडी, मुंबईत येऊन कष्टाची कामं केली, अक्षरओळख मोठेपणी झाली, आणि मग आयुष्यभर स्वतः लिहायचं आणि गावोगाव जाऊन स्वतः गायचं. मागे कंपनी नाही, मॅनेजर नाही. २००४ मध्ये ते गेले, पण भीमजयंतीला त्यांची गाणी लागल्याशिवाय मिरवणूक पुढे सरकत नाही.

दुसरी परंपरा फोर्ट-धोबीतलावची. १९७८ पासून रंगभवनात जॅझ यात्रा भरू लागली, १९८६ मध्ये इंडिपेंडन्स रॉक हा रॉक महोत्सव सुरू झाला, आणि हे उघड्यावरचं थिएटर पश्चिमी संगीत ऐकणाऱ्या दोन पिढ्यांचं घर झालं. शेजारी हॉस्पिटलं आणि कॉलेज, त्यामुळे सायलेन्स झोन, आणि २००० च्या दशकाच्या सुरुवातीला तिथले मोठे कार्यक्रम बंद पडले. मुंबईतल्या कलाकाराच्या मनाला ते अजून लागतं. काळा घोड्याला ऱ्हिदम हाउस हे रेकॉर्डचं दुकान होतं, तेही २०१६ मध्ये बंद झालं. त्याच परिसरातल्या वेसाइड इन या रेस्टॉरंटमध्ये अरुण कोलटकर बसायचे. मराठी वाचकाला कोलटकर कवी म्हणून माहीत आहेत, पण ते अर्जुन शेजवळांकडे पखवाज शिकले होते, आणि १९७० च्या दशकात त्यांनी इंग्रजीत गाणी लिहून डेमो रेकॉर्डिंगही केलं होतं, गायक-गीतकार व्हायचा खराखुरा प्रयत्न. तो पुढे गेला नाही, आणि त्या काळात जाणारही कसा, कारण कंपनीने हो म्हटल्याशिवाय गाणं लोकांपर्यंत पोचवायचा रस्ताच नव्हता. आज घरात बसून एका संध्याकाळी जे करता येतं ते तेव्हा एवढ्या मोठ्या कवीलाही जमण्यासारखं नव्हतं, हे लक्षात घेतलं की आजच्या स्वातंत्र्याची किंमत कळते.

ब्लूजचं मुंबईतलं मोठं व्यासपीठ म्हणजे महिंद्रा ब्लूज फेस्टिव्हल, २०११ पासून, वांद्र्याच्या मेहबूब स्टुडिओत, फेब्रुवारीत. शिकागोचा ब्लूज गिटारिस्ट बडी गाय इथे एकाहून जास्त वेळा येऊन गेलाय. शिलाँगचा सोलमेट हा ब्लूज बँड पहिल्याच वर्षी होता. भारतीय बँडसाठी फेस्टिव्हलची बँड हंट नावाची स्पर्धाही असते. मुंबईच्या वॉरन मेंडोन्साने ब्लॅकस्ट्रॅटब्लूज या नावाने २००७ मध्ये पहिला अल्बम काढला तो बिनशब्दांचा, नुसती गिटार, आणि तरी लोकांनी ऐकला. ब्लू फ्रॉग हा लोअर परळच्या मथुरादास मिलच्या आवारातला क्लब २००७ ते २०१६ चालला. ज्या गिरण्यांमध्ये शाहिरांचे श्रोते राबले त्याच्याच आवारात ओरिजिनल्स म्हणजे स्वतःची गाणी वाजवणाऱ्यांना चांगली साउंड सिस्टिम आणि ऐकायला आलेले लोक मिळाले.

आता पोटाचं. ओरिजिनल्सवर घर चालवणारे मुंबईत फार थोडे. बाकीच्यांची कमाई चार-पाच ठिकाणांहून जमते, आठवड्यातून दोन-तीन दिवस गिटारच्या शिकवण्या, वीकेंडला रेस्टॉरंटमध्ये कव्हर्स म्हणजे दुसऱ्यांची गाणी, कुणाच्या तरी लग्नात संध्याकाळचा अकूस्टिक सेट, आणि मुंबई असल्यामुळे जाहिरातीच्या जिंगल आणि सिनेमाचं सेशनचं काम (दुसऱ्याच्या रेकॉर्डिंगमध्ये वाजवणं), जे दुसऱ्या शहरातल्या कलाकाराला एवढ्या सहज मिळत नाही. याला तडजोड म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही, कव्हर्स वाजवताना हात तयार होतो आणि जेवणाऱ्या लोकांचं लक्ष ओढून घ्यायला शिकता येतं. धोका एवढाच की पाच वर्षं कव्हर्सच वाजत राहतात आणि स्वतःच्या गाण्यांची वही उघडली जात नाही. फी बहुतेक वेळा गिगनंतर, म्हणजे कार्यक्रमानंतर, दीड-दोन महिन्यांनी येते, त्यातून १० टक्के टीडीएस कापलेला असतो, तो रिटर्न भरून परत मागता येतो पण कित्येक जण भरतच नाहीत. तारीख ठरल्याबरोबर फी, साउंडचेकची वेळ आणि पैसे कधी मिळणार हे मेलवर लिहून घ्यावं, ओळखीत असेल तर जास्तच.

रोजच्या अडचणी अगदी मुंबईच्या आहेत. समुद्राच्या दमट हवेत गिटारच्या तारा लवकर गंजतात, पावसाळ्यात तर लाकूडही फुगतं आणि ॲक्शन, म्हणजे तारांची उंची, वर येते, म्हणून केसमध्ये सिलिका जेलच्या पुड्या टाकतात. गर्दीच्या वेळेला विरार लोकलमध्ये गिटार घेऊन चढणं ज्याने केलंय त्यालाच माहीत, बरेच जण मालडब्यातून जातात. उघड्यावर लाउडस्पीकर रात्री १० ला बंद, आणि आपला सेट शेवटचा असेल तर आधीच्यांनी वेळ खाल्लेला आपल्या गाण्यांतून कापला जातो. घरी रेकॉर्डिंग करायचं तर पंखा बंद, खिडक्या बंद, शेजारच्या कुकरच्या शिट्ट्या थांबेपर्यंत वाट बघायची, म्हणून बहुतेकांची व्होकल्स रात्री बारानंतर रेकॉर्ड झालेली असतात. ब्लूज-फोकला याचा एक फायदा आहे, एक माइक, एक ऑडिओ इंटरफेस (माइक कॉम्प्युटरला जोडणारी पेटी) आणि एक गिटार एवढ्यावर गाणं पूर्ण होऊ शकतं, आवाज थोडा खरखरला तरी बिघडत नाही.

गाणं बाहेर काढायला डिस्ट्रिब्युटर लागतो, तो ठरलेली फी किंवा टक्केवारी घेऊन सगळ्या ॲपवर पोचवतो आणि प्रत्येक रेकॉर्डिंगला १२ अक्षर-अंकांचा आयएसआरसी कोड मिळतो. स्पॉटिफाय भारतात २०१९ मध्ये आलं. २०२४ पासून त्यांचा नियम असा की आधीच्या १२ महिन्यांत १००० स्ट्रीम झाले नाहीत तर त्या गाण्याचे पैसेच नाहीत. म्हणजे सुरुवातीच्या कलाकाराला तिथून उत्पन्न जवळपास शून्य, ते ॲप म्हणजे त्याचं व्हिजिटिंग कार्ड. बँडकँपसारख्या ठिकाणी ऐकणारा थेट अल्बम विकत घेतो, शंभर लोकांनी घेतला तरी तारांचा आणि मास्टरिंगचा खर्च निघतो.

भाषेचा प्रश्न मुंबईत प्रत्येकाला पडतो. ब्लूज म्हटलं की इंग्रजीत लिहिणं ओघाने येतं, हिंदीत श्रोते जास्त, मराठीत लिहिणारे अजून कमी. मराठीत अडचण खरी आहे, शब्दांचा वजनभार वेगळा, तीन मात्रांत बसणारा इंग्रजी शब्द तिथे पाच मात्रा खातो, आणि १२ बारमध्ये ओळ कोंबली की ती गद्य वाटायला लागते. पण ओवी आणि छक्कड ज्यांनी ऐकली आहे ते वाट काढतात, बोलीतले तोडलेले शब्द घेतात, ओळीचं शेपूट गिटारवर सोडून देतात, आणि हे काम आत्ता नुकतं सुरू झालंय.

शेवटी हक्क. संतांपासून वामनदादांपर्यंत सगळ्यांनी शेवटच्या कडव्यात नाव घातलं, ती नाममुद्रा म्हणजे आपला जुना कॉपीराइट. आताचा कायदा १९५७ चा. गाणं लिहून किंवा रेकॉर्ड होऊन ठेवलं गेलं की हक्क आपोआप तयार होतो, नोंदणी सक्तीची नाही, तरी तारखेचा मेल स्वतःलाच पाठवून ठेवायला काही लागत नाही. शब्द, चाल आणि रेकॉर्डिंग हे तीन वेगळे हक्क आहेत आणि करारावर सही करताना कुठला जातोय ते बघावं. २०१२ च्या दुरुस्तीनंतर गीतकार आणि संगीतकाराचा रॉयल्टीतला समान वाटा सहज लिहून घेता येत नाही, तो फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीलाच देता येतो. अशी सोसायटी म्हणजे १९६९ पासूनची आयपीआरएस (इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी), सभासद होऊन प्रत्येक गाणं तिथे नोंदवावं लागतं, नुसतं सभासद होऊन चालत नाही. शब्द आणि चाल यांचा हक्क कलाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो, रेकॉर्डिंगचा ते प्रकाशित झाल्यापासून ६० वर्षं, म्हणून मूळ फायली कुठल्या हार्ड डिस्कवर आहेत आणि डिस्ट्रिब्युटरचं लॉगिन काय आहे हे घरातल्या एका तरी माणसाला सांगून ठेवावं.