संगती : भाषा, विचार आणि संगणन

एका समूहातील प्रत्येक घटकाला ठरावीक नियमाने दुसऱ्या समूहातील घटकाशी जोडणे म्हणजे संगती लावणे होय. शालेय भूमितीत दोन त्रिकोणांची एकरूपता तपासताना शिरोबिंदूंची ‘एकास एक संगती’ लिहावी लागते, तेव्हा बहुतेकांची या कल्पनेशी पहिली ओळख होते. पहिल्या समूहातील प्रत्येक घटकाला दुसऱ्या समूहात नेमका एकच जोडीदार मिळत असेल, तर त्या संगतीला गणितात फलन म्हणतात. संगणक क्षेत्रात मात्र सर्रास ‘मॅपिंग’ हाच शब्द चालतो.

जर्मन गणिती रिचर्ड डेडेकिंड यांनी १८८८ मध्ये संख्यांच्या स्वरूपावर लिहिताना ही कल्पना पायाशी ठेवली. एका वस्तूला दुसरीशी जोडण्याची, एकीच्या जागी दुसरी मांडण्याची जी मनाची शक्ती आहे, तिच्यावाचून विचार करणेच अशक्य आहे, असे त्यांनी प्रस्तावनेत म्हटले होते. गणितज्ञाने केलेले हे विधान पुढे मानसशास्त्र आणि भाषाविज्ञान यांनाही लागू पडले. कोणत्याही संगतीची पारख करताना दोन गोष्टी पाहाव्या लागतात : मूळ समूहातील कोणते संबंध दुसऱ्या बाजूला शाबूत पोहोचतात आणि कोणते वाटेत गळतात.

नकाशा हे याचे सर्वांत जुने आणि डोळ्यांना दिसणारे उदाहरण. गेरार्डुस मर्केटर यांच्या १५६९ च्या जगाच्या नकाशात दिशांमधील कोन टिकतात, त्यामुळे होकायंत्राच्या एकाच दिशेने जाणाऱ्या जहाजाचा मार्ग त्यावर सरळ रेषेत काढता येतो. त्याची किंमत क्षेत्रफळाने मोजावी लागते. ग्रीनलंड आफ्रिकेएवढा दिसतो; प्रत्यक्षात आफ्रिका खंड त्याच्या सुमारे चौदापट आहे. गोलाचा पृष्ठभाग सर्व अंतरे जशीच्या तशी ठेवून सपाट करता येत नाही, हे कार्ल फ्रीडरिख गाउस यांच्या १८२७ च्या सिद्धांतावरून निघते. त्यामुळे निर्दोष नकाशा शोधत बसण्यापेक्षा कोणता दोष चालवून घ्यायचा, हे नकाशा काढणाऱ्याला आधीच ठरवावे लागते.

भाषेतील संगती

लिपी ही ध्वनी आणि खुणा यांची संगती असते. देवनागरीत बोलावे तसे लिहिता येते, अशी तिची ख्याती आहे. मराठीपुरते पाहिले, तर ही संगती दोन्ही दिशांनी थोडी थोडी सुटते. ‘चाक’ आणि ‘चहा’ या शब्दांत अक्षर एकच असले, तरी पहिल्यातील च दंततालव्य (‘त्स’च्या जवळचा) आणि दुसऱ्यातील तालव्य (‘च्य’च्या जवळचा) आहे. ‘जग’ म्हणजे दुनिया की पाण्याचे भांडे, हे अक्षरांवरून कळत नाही. वाक्य वाचूनच उच्चार ठरवावा लागतो. ‘घर’ या शब्दातील शेवटचा अ लिहिण्यात असतो, बोलण्यात नसतो. उलट दिशेने पाहिले, तर श आणि ष हे दोन वर्ण बहुतेकांच्या तोंडी एकच झाले आहेत, त्यामुळे ‘विशेष’मधला कोणता श कुठे लिहायचा, हे कानावर विसंबून ठरत नाही, ते पाठच करावे लागते. मराठी माणसाला अशा ठिकाणी सहसा अडखळायला होत नाही. लिखित मजकूर यंत्राकडून वाचून घेताना मात्र हाच भाग त्रासाचा ठरतो, कारण उच्चार ठरवण्यासाठी यंत्राला अक्षरांपलीकडचा संदर्भ पुरवावा लागतो.

अर्थाच्या पातळीवरील संगती अधिक खोल जाते. जॉर्ज लेकॉफ आणि मार्क जॉन्सन यांनी १९८० मध्ये असे मांडले की, रूपक केवळ बोलण्याची सजावट नाही. एका परिचित अनुभवक्षेत्राची रचना दुसऱ्या, अमूर्त क्षेत्रावर बसवून माणूस विचार करतो, आणि भाषेतील वाक्प्रचार ही त्या संगतीची फक्त दिसणारी बाजू आहे. मराठीत विचारांना अन्न मानणारी अशी एक भरगच्च संगती आहे. एखादा मुद्दा आपल्या गळी उतरत नाही, कटू सत्य पचनी पडत नाही, तेच ते विषय सभेत चघळले जातात, चर्वितचर्वण होते, बातमी शिळी होते, अभ्यास कच्चा राहतो, ज्ञानाची भूक लागते. हे सगळे शब्दप्रयोग सुटे सुटे पाठ केलेले नसतात. तोंड, गळा, पोट या क्रमाने अन्न जसे आत जाते, तसे ऐकणे, पटणे आणि अंगवळणी पडणे हे टप्पे त्यांत आपोआप जुळतात. म्हणूनच एखाद्याने ‘या युक्तिवादाने मला अजीर्ण झाले’ असे नव्यानेच म्हटले, तरी ऐकणाऱ्याला स्पष्टीकरण लागत नाही. तरीही ही संगती अपुरीच असते. अन्नाबरोबर ताट येते, खरकटे येते, पंगत येते. विचारांच्या बाजूला ताटाला कोणी जागा दिलेली नाही, आणि तिची उणीव कोणाला भासतही नाही.

काळ आणि अवकाश यांची संगतीही अशीच आहे. ‘पुढच्या वर्षी लवकर या’ अशी गणपतीला विनवणी करताना येणारे वर्ष आपल्या समोर आहे आणि सरलेले वर्ष पाठीमागे आहे, हे गृहीत धरलेले असते. हे साऱ्या जगाला लागू नाही. दक्षिण अमेरिकेतील अँडीज पर्वतराजीत बोलल्या जाणाऱ्या आयमारा भाषेत भूतकाळ समोर आणि भविष्यकाळ पाठीमागे असतो. राफाएल नुन्येझ आणि ईव्ह स्वीट्सर यांनी २००६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात आयमारा भाषकांच्या हातवाऱ्यांतही हीच मांडणी आढळली. घडून गेलेले दिसते, घडायचे दिसत नाही, हा त्यामागचा तर्क समजायला अवघड नाही.

भारतीय अलंकारशास्त्राने ही यंत्रणा फार पूर्वी सुटी करून दाखवली होती. उपमेची उपमेय, उपमान, साधारण धर्म आणि साम्यवाचक शब्द ही चार अंगे मराठी व्याकरणात आजही शिकवली जातात. त्यांतील साधारण धर्म म्हणजेच संगतीत टिकणारा अंश : मुखाला चंद्र म्हणताना आल्हाद घ्यायचा आणि डाग सोडून द्यायचे. अलंकारशास्त्राचा कल यात सौंदर्य पाहण्याकडे होता. न्यायदर्शनाने, म्हणजे तर्काच्या भारतीय परंपरेने, मात्र उपमानाला (येथे त्याचा अर्थ साम्यावरून ओळखणे) प्रत्यक्ष, अनुमान आणि शब्द (विश्वासू माणसाचे सांगणे) यांच्या बरोबरीने ज्ञानाचे स्वतंत्र साधन मानले. ‘गवय हा गाईसारखा असतो’ एवढे ऐकून रानात गेलेला माणूस तसा प्राणी दिसताच त्याला ओळखतो, हे नैयायिकांचे ठरलेले उदाहरण आहे. साम्यातून ज्ञान मिळते, हा दावा आपल्याकडे नवा नाही, एवढे त्यावरून म्हणता येते.

विचारातील संगती

साम्य कोणत्या गोष्टींचे घ्यायचे, याचा नियम डेड्रे गेंटनर यांनी १९८३ मध्ये मांडला. त्यांच्या मते चांगल्या साधर्म्यात वस्तूंचे सुटे गुण नेले जात नाहीत, वस्तूंमधील परस्परसंबंध नेले जातात. त्यातही एकमेकांत गुंतलेल्या संबंधांची पूर्ण जाळी असेल, तर ती अगोदर उचलली जाते. अणूला सूर्यमाला म्हणताना सूर्याचा पिवळा रंग किंवा तापमान कोणी अणुकेंद्रावर लादत नाही. जड केंद्र हलक्या वस्तूला ओढते आणि ती वस्तू त्याच्याभोवती फिरते, एवढी साखळी नेली जाते. अर्नेस्ट रदरफर्ड यांनी १९११ मध्ये अणुकेंद्राची कल्पना मांडल्यावर या साधर्म्याचा उपयोग झाला आणि त्याची मर्यादाही लगेच दिसली. विद्युतभारित कण वर्तुळात फिरला, तर अभिजात (म्हणजे पुंजवादापूर्वीच्या) भौतिकीनुसार ऊर्जा गमावून तो केंद्रात कोसळायला हवा. ग्रहांना ही अडचण नाही. १९१३ मध्ये नील्स बोर यांना ठरावीक कक्षांचे बंधन घालावे लागले, ते याच ठिकाणी.

संगती समोर असूनही सुचत नाही, हे मेरी गिक आणि कीथ होलिओक यांच्या १९८० च्या सुमाराच्या प्रयोगांनी दाखवले. पोटातील गाठ किरणांनी जाळायची, पण प्रखर किरण वाटेतील निरोगी भागही जाळतात, मग काय करावे, असा प्रश्न त्यांनी विचारला. त्याआधी काहींना किल्ल्यावर चालून जाणाऱ्या सेनापतीची गोष्ट वाचायला दिली होती : मोठी फौज एका रस्त्याने नेता येत नाही, म्हणून तो लहान तुकड्या अनेक रस्त्यांनी पाठवून किल्ल्यापाशी एकत्र आणतो. गोष्ट न वाचलेल्यांपैकी जेमतेम एकदशांश लोकांना उत्तर सुचले. वाचलेल्यांपैकी सुमारे तीस टक्क्यांना सुचले, आणि ‘आधीची गोष्ट वापरून पाहा’ एवढी सूचना मिळताच हे प्रमाण सुमारे पंचाहत्तर टक्क्यांवर गेले. संगती लावणे तुलनेने सोपे. कोणती आठवायची, हे कठीण. शिक्षणाच्या दृष्टीने हा निष्कर्ष महत्त्वाचा आहे, आणि तो पुरेसा गांभीर्याने घेतला जात नाही.

मेंदूत परिसराचाही आराखडा असतो. जॉन ओकीफ यांना १९७१ मध्ये उंदरांच्या मेंदूत विशिष्ट जागी आल्यावरच कार्यरत होणाऱ्या पेशी आढळल्या. त्यांना आणि मे-ब्रिट व एडवर्ड मोझर यांना २०१४ चे वैद्यकशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले.

संगणनातील संगती

संगणकाला फक्त अंक कळतात, म्हणून अक्षराला अंक नेमून देणे ही त्यातील मूलभूत संगती ठरते. मराठी मजकुराच्या बाबतीत ही गोष्ट अनेकांनी चांगलीच अनुभवली आहे. युनिकोड ही जगातील लिप्यांसाठीची सामाईक क्रमांकपद्धती रुळण्यापूर्वीच्या बऱ्याच मराठी फाँटमध्ये रोमन अक्षरांसाठी ठरलेल्या क्रमांकांवर देवनागरीचे आकार बसवलेले असत. तो फाँट नसलेल्या यंत्रावर फाइल उघडली की मराठी मजकुराच्या जागी रोमन अक्षरे आणि चिन्हांची खिचडी दिसे. युनिकोडने देवनागरीला १२८ जागांचा स्वतंत्र पट्टा दिला, त्यात ‘अ’चा क्रमांक २३०९ आणि ‘क’चा २३२५ आहे. पण दिसणारे अक्षर आणि साठवलेला क्रमांक यांची जोडी येथेही एकास एक नाही. ‘क्ष’ हा एक आकार क, हलन्त चिन्ह आणि ष अशा तीन क्रमांकांनी (२३२५, २३८१, २३५९) साठवला जातो. ‘कि’मधली वेलांटी दिसते क-च्या आधी, साठवली जाते नंतर. ‘दऱ्या’, ‘तऱ्हा’ या शब्दांतील आडवा र तर दोन वेगळ्या क्रमांकमालिकांनी लिहिता येतो, त्यामुळे पडद्यावर तंतोतंत सारखा दिसणारा शब्द कधीकधी शोधात सापडत नाही.

माहिती साठवण्यासाठी संगतीचा आणखी एक प्रकार वापरतात. आयबीएम कंपनीतील हान्स पीटर लून यांनी १९५३ मध्ये सुचवलेल्या हॅश पद्धतीत कोणत्याही नोंदीवरून गणिताने एक अंक काढतात आणि त्या अंकाच्या खणात ती नोंद ठेवतात. शोधताना सारी यादी चाळावी लागत नाही. खण मर्यादित आणि शक्य नोंदी अमर्याद असल्यामुळे दोन नोंदी एकाच खणात येणे अटळ असते, आणि हे वाटते त्यापेक्षा लवकर घडते : अवघ्या २३ माणसांच्या गटात दोघांचा वाढदिवस एकाच तारखेला असण्याची शक्यता निम्म्याहून अधिक असते. पासवर्डच्या बाबतीत गळती हाच गुण ठरतो. नीट बांधलेल्या यंत्रणेत मूळ पासवर्डऐवजी त्याचे हॅश मूल्य ठेवतात, कारण मूल्यावरून मागे जाऊन मूळ शब्द काढण्याचा व्यवहार्य मार्ग नसावा, अशीच ती संगती रचलेली असते.

शब्दांना आकड्यांच्या लांब मालिका, म्हणजे सदिश, नेमून देण्याची पद्धत २०१३ पासून फार पसरली. गूगलमधील टोमाश मिकोलोव्ह आणि सहकाऱ्यांनी प्रचंड मजकुरावरून असे सदिश काढले, तेव्हा ‘राजा’च्या सदिशातून ‘पुरुष’ वजा करून ‘स्त्री’ मिळवली असता उत्तर ‘राणी’च्या जवळ येते, असे दिसले. शब्दांमधील संबंध अंतरांच्या आणि दिशांच्या रूपात टिकले होते. मजकुरातील पूर्वग्रहही तितकेच शाबूत राहिले होते. २०१६ मध्ये अमेरिकेतील संशोधकांनी दाखवून दिले की, बातम्यांच्या मजकुरावर तयार झालेल्या अशा सदिशांत ‘पुरुष’ला ‘संगणक प्रोग्रॅमर’ची जोड लावली, तर ‘स्त्री’ला ‘गृहिणी’ची जोड मिळते. लिंगभेदाची दिशा गणिताने ओळखून तटस्थ असायला हव्या त्या शब्दांतून ती वजा करण्याचा उपाय त्यांनीच सुचवला. त्यानंतरच्या अभ्यासांत मात्र असे आढळले की, वजाबाकीनंतरही पूर्वी ‘स्त्री’कडे झुकलेले शब्द एकमेकांच्या शेजारीच राहतात.