माहितीपट छायालेखक

माहितीपट छायालेखक : घडत असलेले प्रसंग, खरी माणसे आणि त्यांच्या मुलाखती चित्रपटासाठी कॅमेऱ्यात टिपणारा व्यावसायिक. बोलीत त्याला सरसकट ‘कॅमेरामन’ म्हणतात. या कामात नाव कमावलेल्या स्त्रिया असूनही तो शब्द काही सुटलेला नाही. कथापटाच्या छायालेखकाला पटकथा मिळते, उभारलेला सेट मिळतो आणि चुकले तर दुसरा टेक मिळतो. माहितीपटात आई मुलाला निरोप देते ती एकदाच. त्या क्षणी कॅमेरा कुठे होता यावर तो प्रसंग चित्रपटात येणार की नाही हे ठरते. त्यामुळे चित्रीकरणाच्या वेळी दिग्दर्शनाचे कितीतरी निर्णय प्रत्यक्षात छायालेखकच घेत असतो, श्रेयनामावलीत काहीही लिहिलेले असो.

सुरुवातीच्या काळात दिग्दर्शक आणि छायालेखक बहुधा एकच असे. रॉबर्ट फ्लाहर्टी यांनी ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ (१९२२) स्वतःच चित्रित केला. इग्लूच्या आत कॅमेऱ्याला उजेड पुरेना, म्हणून त्यांनी एका बाजूने उघडा इग्लू बांधून घेतला. छायालेखकाने वास्तवाला किती हात लावावा, हा वाद तेव्हापासूनचा आहे आणि तो मिटण्याची चिन्हे नाहीत. रशियन दिग्दर्शक झिगा व्हेर्टोव्ह यांचा ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ (१९२९) त्यांचे बंधू मिखाईल कॉफमन यांनी चित्रित केला. पडद्यावर तिपाई खांद्यावर टाकून फिरणारा माणूसही तेच. पुढल्याच वर्षीच्या, दक्षिण ध्रुवाच्या मोहिमेवरील माहितीपटासाठी जोसेफ रकर आणि विलर्ड व्हॅन डर व्हीर यांना छायालेखनाचे ऑस्कर मिळाले.

या व्यवसायाचे आजचे रूप मात्र १९६० च्या आसपास घडले. खांद्यावर पेलेल असा १६ मिमीचा कॅमेरा आणि सोबत नेता येणारा टेपरेकॉर्डर हाती आला, तशी तिपाई सुटली. अमेरिकेतील निवडणूक प्रचारावरील ‘प्रायमरी’ (१९६०) या माहितीपटात अल्बर्ट मेझल्स यांनी कॅमेरा डोक्यावर धरून जॉन केनेडींच्या मागोमाग गर्दीतून वाट काढली. तो शॉट आजही शिकवला जातो. १६ मिमीचे ४०० फुटांचे रीळ सुमारे ११ मिनिटांत संपत असे, त्यामुळे बटण कधी दाबायचे हाच मोठा निर्णय होता. डिजिटल कॅमेऱ्याने ही काटकसर संपवली आणि दुखणे संकलकाच्या टेबलावर नेऊन ठेवले : तिथे आता शेकडो तासांचे चित्रण येऊन पडते, आणि ‘सगळेच घेतले’ म्हणणाऱ्या छायालेखकाने पुष्कळदा काहीच निवडलेले नसते.

या कामात डोळ्याइतकाच, किंबहुना अधिक, कान लागतो. बोलणाऱ्याचे वाक्य संपत आले आहे, आता उत्तर कोण देणार, हे ऐकूनच कॅमेरा वळवायचा असतो. आवाज आल्यावर वळवला तर उशीर झालेला असतो. म्हणून अनेक छायालेखक एका कानाला हेडफोन लावून काम करतात. एक डोळा व्ह्यूफाइंडरला असताना दुसरा उघडा ठेवण्याची सवयही अशीच : चौकटीबाहेरून कोण येते आहे ते त्यानेच कळते. बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्याचा चेहरा पुष्कळदा मोलाचा ठरतो. आणि हात, दार, रिकामी खुर्ची असे मध्ये घालायचे जोडशॉट घेतलेले नसतील, तर संकलकाला मुलाखत कापताच येत नाही.

चित्रपटसंस्थेतील शिक्षण, साहाय्यक म्हणून उमेदवारी किंवा छायाचित्रण व वृत्तवाहिनीचा अनुभव, अशा वाटांनी माणसे इथे येतात. नोकऱ्या थोड्या, बहुतेक जण दिवसाच्या मोबदल्यावर काम करतात. एखादा माहितीपट पाच-सहा वर्षे रेंगाळतो, पैसा तुटक येतो, म्हणून मध्ये जाहिराती आणि संस्थांच्या प्रचारफिती करून घर चालवावे लागते. वन्यजीव चित्रण ही यातली वेगळी शाखा. तिथे आडोशात आठवडेच्या आठवडे बसण्याची चिकाटी हीच पात्रता. पाठ आणि खांद्याचे दुखणे सगळ्यांच्याच वाट्याला येते.

धोका युद्धभूमीपुरता नसतो. चिलीमध्ये जून १९७३ च्या फसलेल्या लष्करी उठावात लेओनार्दो हेन्रिक्सेन हा छायालेखक आपल्यावर गोळी झाडणाऱ्या सैनिकाचे चित्रण करतानाच मारला गेला. ते दृश्य ‘द बॅटल ऑफ चिली’ या माहितीपटात आहे. त्याच माहितीपटाचा छायालेखक होर्हे म्युलर सिल्वा याला १९७४ मध्ये, नंतरच्या उठावाने सत्तेवर आलेल्या लष्करी राजवटीने पकडून नेले. तो पुन्हा कोणाला दिसला नाही. त्याने चित्रित केलेली रिळे तोवर देशाबाहेर पोहोचली होती आणि क्यूबात त्यांचे संकलन झाले.