फळ्यावरच्या सुविचाराआधी

शाळेच्या फळ्यावर वरच्या बाजूला तारीख, वार आणि त्याखाली सुविचार, ही मांडणी आपल्या पिढ्यान्‌पिढ्यांच्या डोळ्यांत बसली आहे. खडू-फळा नव्हता तेव्हाही असे बोल गावोगाव पोचत होते. ते पोचवले कीर्तनकारांनी, वारकऱ्यांनी, जात्यावर बसलेल्या बायांनी आणि झोळी घेऊन दारात उभ्या राहणाऱ्या रामदाश्यांनी. त्यातल्या या शेवटच्या वाटेविषयी, म्हणजे मनाच्या श्लोकांविषयी, थोडे सविस्तर सांगायला हवे.

समर्थ रामदास 1608 मध्ये जांबेला जन्मले आणि 1682 मध्ये सज्जनगडावर त्यांनी देह ठेवला. मनाचे श्लोक एकूण 205. चाफळच्या रामनवमी उत्सवासाठी शिधा गोळा करायचा होता, तेव्हा समर्थांनी हे श्लोक सांगितले, कल्याणस्वामींनी ते उतरवून घेतले आणि शिष्य ते म्हणत भिक्षेला निघाले, अशी कथा संप्रदायात सांगतात. कथा बाजूला ठेवली तरी भिक्षेमागचा विचार समर्थांनी स्वतः मांडला आहे. दासबोधाच्या चौदाव्या दशकात भिक्षेवर एक सबंध समास आहे. भिक्षेने ओळखी होतात, असे ते तिथे सांगतात. दारोदार फिरणाऱ्याला माणसे कळतात, हे त्यांना पक्के ठाऊक होते.

आता दारात उभे राहून घरधन्याला उपदेश कसा करायचा? ज्याच्या हातून मूठभर धान्य घ्यायचे, त्यालाच ‘असा वाग, तसा वागू नकोस’ म्हणायचे? समर्थांनी यातून काढलेली वाट मला फार मोलाची वाटते. श्लोक म्हणणारा बोलतो ते आपल्याच मनाशी. ‘मना सज्जना’ अशी हाक तो स्वतःला मारतो आणि उंबऱ्याआतला माणूस ते ऐकतो. लेकी बोले सुने लागे, तसेच हे. फक्त इथे टोमणा नाही, माया आहे. शिवाय मनाला ‘सज्जन’ म्हणूनच पुढचे बोलणे. आधी मान, मग सांगणे.

दुसरी गोष्ट वृत्ताची. हे श्लोक भुजंगप्रयातात आहेत: प्रत्येक चरणात बारा अक्षरे, य गण चार वेळा, म्हणजे एक लघू आणि दोन गुरू असे चार तुकडे. म-ना-सज्, ज-ना-भक्, ति-पं-थे, चि-जा-वे. चालता चालता म्हणावे अशीच ही लय आहे. अक्षरओळख नसलेल्या आजीलाही हे श्लोक पाठ असायचे, त्यात या लयीचा वाटा मोठा.

लयीसाठी समर्थांनी शब्दही वाकवले. ‘जनी सर्व सूखी असा कोण आहे’ यातला ‘सू’ मुद्दाम दीर्घ आहे. तसाच ‘हेचि क्रीया धरावी’ मधला ‘क्री’. छापखाने आले, पाठ्यपुस्तके आली, श्लोक तोंडातून कागदावर आणि कागदावरून फळ्यावर गेले. तिथे पुष्कळदा कुणीतरी शुद्धलेखनाच्या काळजीने ‘सूखी’चे ‘सुखी’ करते. लिहायला ते बरोबर दिसते. पण तो चरण मोठ्याने म्हणून पाहा, जीभ नेमकी तिथेच अडखळते.