पोर्ट शिकागो स्फोट आणि खटला

अमेरिकी नौदलातील वर्णभेद चव्हाट्यावर आणणारे दुसऱ्या महायुद्धातील प्रकरण. कॅलिफोर्नियात सुईसन उपसागराच्या काठी पोर्ट शिकागो हा नौदलाचा दारूगोळा तळ होता. पॅसिफिक आघाडीकडे जाणारे बाँब आणि तोफगोळे इथे मालगाडीतून उतरवून जहाजांवर चढवत. हे काम करणारे सगळे खलाशी कृष्णवर्णीय, त्यांच्यावरचे अधिकारी सगळे गोरे. नौदलाचे शिक्षण घेऊन आलेल्या या पोरांच्या वाट्याला हमाली आली. स्फोटके कशी हाताळायची, हे मात्र कोणीच शिकवले नाही. तासाला किती टन माल चढला याची तुकड्यांमध्ये चढाओढ लावली जाई, आकडे फळ्यावर लिहिले जात आणि अधिकारी त्यावर पैजा लावत. बाँबना डिटोनेटर नाहीत, ते फुटायचे नाहीत, असे खलाशांना सांगितले जाई.

१७ जुलै १९४४ च्या रात्री १०.१८ वाजता माल चढत असतानाच स्फोट झाला. ‘ई. ए. ब्रायन’ जहाजाच्या ठिकऱ्या उडाल्या. ३२० माणसे गेली. त्यांतले २०२ कृष्णवर्णीय खलाशी. ओळख पटण्याजोगे जेमतेम ५१ मृतदेह हाती लागले. वाचलेल्या गोऱ्या अधिकाऱ्यांना रजा मिळाली. कृष्णवर्णीयांनी मागितली तर नाकारण्यात आली. वारसांना ५,००० डॉलर द्यायचा प्रस्ताव होता. मृत बहुतांशी कृष्णवर्णीय आहेत म्हटल्यावर अमेरिकी संसदेतील मिसिसिपीचे प्रतिनिधी जॉन रँकिन यांनी तो २,००० वर आणायचा आग्रह धरला. शेवटी ३,००० मंजूर झाले.

९ ऑगस्टला मेअर आयलंड या जवळच्या नौदल तळावर २५८ खलाशांनी पुन्हा दारूगोळा चढवायला नकार दिला. बाकी कोणतेही काम करायची त्यांची तयारी होती. युद्धकाळातील बंडाला मृत्युदंड आहे, असे ॲडमिरल राइट यांनी बजावल्यावर बहुतेकजण कामावर यायला तयार झाले, तरी त्यांनाही शिक्षा झाल्याच. उरलेल्या ५० जणांवर बंडाचा खटला चालला. हा सत्ता उलथवायचा कट नव्हता, जिवाच्या भीतीने दिलेला नकार होता, हा बचाव साधा आणि खरा होता. न्यायालयाने तो ८० मिनिटांत, जेवणाच्या सुट्टीसकट, निकालात काढला. ५० ही जण दोषी ठरले. अंतिम शिक्षा ८ ते १५ वर्षांच्या. खटल्याला हजर राहिलेले, कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणारे वकील थर्गुड मार्शल यांनी अपील केले, पण निकाल फिरला नाही. जानेवारी १९४६ मध्ये बहुतेकांची सुटका झाली, बंडाचा डाग तसाच राहिला.

१९९९ मध्ये राष्ट्राध्यक्ष क्लिंटन यांनी त्या ५० पैकी एक असलेल्या फ्रेडी मीक्स यांना माफी दिली. माफी मागणे म्हणजे गुन्हा कबूल करणे, म्हणून इतर काहींनी ती मागितलीच नव्हती. १७ जुलै २०२४ रोजी नौदलाने उरलेल्या सर्वांना, एकूण २५६ खलाशांना, दोषमुक्त ठरवले. तोवर त्यांच्यापैकी कोणीही हयात नव्हते.