पाय की पिको? दोन्हीत आर्मच, तरी काम वेगळं

अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाचे प्रोजेक्ट सुरू झाले की संभाजीनगर, लातूर, नांदेडकडच्या मुलांचा एक प्रश्न हमखास येतो: विहिरीवरची मोटर आणि ठिबकचे व्हॉल्व्ह चालवायला रास्पबेरी पाय 4 हा छोटा संगणक घ्यायचा की रास्पबेरी पाय पिको हा मायक्रोकंट्रोलर बोर्ड? नाव एकच, दोन्हीत आर्म कंपनीच्याच रचनेचे कोअर (प्रोसेसरचे गाभे), मग फरक फक्त किमतीचा आणि वेगाचा, असं बहुतेक जण धरून चालतात. फरक त्याहून खोल आहे.

पाय 4 मध्ये कॉर्टेक्स-ए72 चे चार कोअर आहेत आणि रॅम गिगाबाइटमध्ये. पिकोत कॉर्टेक्स-एम0+ चे दोन कोअर आणि रॅम अवघी 264 किलोबाइट. पण खरी गोष्ट एमएमयूची, म्हणजे मेमरी मॅनेजमेंट युनिटची आहे. 'ए' गटातल्या या कोअरमध्ये मेमरीचे पत्ते बदलून देणारी ही यंत्रणा असते. तिच्यामुळे प्रत्येक प्रोग्रामला आपली वेगळी मेमरी मिळते आणि लिनक्स ही ऑपरेटिंग सिस्टिम नीट चालते. 'एम' गटात ती नसते. तिथे तुमचा प्रोग्राम थेट चिपवर चालतो. शिवाय 'एम' गटाला फक्त थंब इन्स्ट्रक्शन (आर्मच्या आटोपशीर सूचनांचा संच) कळतात, त्यामुळे पायसाठी कंपाइल केलेली, म्हणजे त्याच्या सूचनांत रूपांतर केलेली फाइल पिकोवर चालत नाही.

आता शेतात चला. आपल्याकडे शेतीची लाईट कधी येईल, कधी जाईल याचा भरवसा नाही. पायवर लिनक्स साधारणपणे एसडी कार्डावरून सुरू होतं, त्याला वेळ लागतो. कार्डावर लिहिणं चालू असताना लाईट गेली तर फाइल सिस्टिम बिघडू शकते. मग बोर्ड उठतच नाही, आणि कार्ड बदलायला रात्री विहिरीवर कोण जाणार? पिकोचा प्रोग्राम बोर्डावरच्या फ्लॅशमध्ये, म्हणजे लाईट गेली तरी न पुसणाऱ्या मेमरीत असतो. लाईट आली की क्षणात कामाला लागतो. तिन्ही फेज आहेत का, विहिरीत पाणी आहे का हे तपासूनच रिले (मोटर चालू करणारा विजेवरचा स्विच) ओढायचा, एवढं त्याला आरामात जमतं.

ओलाव्याचे स्वस्त सेन्सर बहुतेक ॲनालॉग व्होल्टेज देतात. ते मोजायला पिकोत एडीसीच्या, म्हणजे व्होल्टेजचा आकडा करून देणाऱ्या भागाच्या तीन पिन आहेत. पाय 4 मध्ये एडीसी मुळात नाहीच, वेगळी चिप जोडावी लागते. महागड्या बोर्डात सगळं असणारच, हा समज इथे सपशेल खोटा ठरतो. पिन मात्र दोन्हीकडे 3.3 व्होल्टच्या, 5 व्होल्ट सरळ लावू नका.

पाय लागतो तो कपाशीतल्या कामगंध सापळ्यावर (मादीच्या वासाने नर पतंग ओढणारा सापळा) कॅमेरा लावून गुलाबी बोंडअळीचे पतंग मोजायचे असतील तेव्हा. 640 बाय 480 चा एक साधा रंगीत फोटो उघडला तरी 900 किलोबाइट होतो. पिकोच्या रॅममध्ये तो मावतच नाही.

दोन्ही कामं करायची असतील तर माझं मत स्पष्ट आहे: मोटर आणि व्हॉल्व्ह पिकोकडेच द्या, पाय इन्व्हर्टरवर ठेवा आणि दोघांना लोरा मॉड्यूलने (लांब पल्ल्याच्या बिनतारी रेडिओने) जोडा. पाय अडकला तरी पाण्याची पाळी चुकणार नाही.